‘बँक डबल घेते’ या हिशेबाची झडती

भद्रावतीच्या आयुध निर्माणीची वसाहत असो, बल्लारपूरच्या पेपर मिलसमोरची टपरी असो की गडचिरोलीच्या जिल्हा परिषदेच्या आवारात बदल्यांची यादी लागण्याची वाट पाहणाऱ्या गुरुजींचा घोळका असो, गृहकर्जाचा विषय निघाला की एक वाक्य ठरलेलंच: ‘बँक डबल घेते, भाऊ.’ त्याच्या पाठोपाठ आणखी दोन येतात. ‘पयले व्याज काढून घेते, मंग मुद्दल.’ आणि म्हणून ‘अर्धी वर्षं गेल्यावर कर्ज फेडण्यात काही अर्थ नाही, व्याज तर देऊनच झालं.’ ही तीन वाक्यं इतकी रुळली आहेत की बँकेत काम करणारी माणसंही घरी बसून तीच बोलतात. माझं म्हणणं असं, की यातलं पहिलं वाक्य खरं असून निरर्थक आहे, दुसरं अर्धवट आहे आणि तिसरं साफ चूक आहे. शिवाय या तिन्हींच्या नादात कर्ज खरोखर जिथे महाग पडतं, तिकडे कोणी बघतच नाही.

पूर्वपक्षाचं गणित आधी नीट मांडू, कारण ते खोटं नाही. २५ लाखांचं कर्ज, ८.५० टक्के दर, २० वर्षं मुदत. हप्ता येतो २१,६९६ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज ५२.०७ लाख, त्यात व्याज २७.०७ लाख. म्हणजे दुपटीहून थोडं जास्तच. पहिल्या हप्त्यात १७,७०८ रुपये व्याजात जातात, मुद्दल फिटते फक्त ३,९८८. दहा वर्षं इमानेइतबारे हप्ते भरून २६ लाखांवर रक्कम दिल्यानंतर पासबुकात बाकी दिसते १७.५० लाख. निम्मी मुद्दल फिटायला जवळजवळ १४ वर्षं लागतात. हे आकडे पाहून ज्याच्या पोटात गोळा येत नाही त्याने कर्ज घेतलेलंच नसावं.

इथे दामदुप्पटीची आठवण काढली जाते. ‘आपल्या शास्त्रात दुपटीच्या वर घेणं पाप, बँकेला मात्र मुभा,’ असं शिकलेली माणसंही म्हणतात. शास्त्राचा हवाला द्यायचाच तर तो पूर्ण द्यावा. हा नियम मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात आहे आणि मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी तो इंग्रजी अमलातही पाळला. पण त्याने घातलेली मर्यादा आहे ती एका वेळी वसूल करायच्या थकीत व्याजावर. शंभर रुपयांच्या कर्जावर व्याज साचत साचत शंभरावर पोहोचलं की पुढे वाढायचं थांबतं. तेच व्याज ऋणको दरसाल देत राहिला तर वीस-पंचवीस वर्षांत त्याने दिलेल्या व्याजाची बेरीज दोनशे-तीनशे झाली, तरी दामदुप्पटीला बाध येत नाही. सावकार व्याज मुद्दाम थकू देऊन शेत घशात घालायचा, त्या खोडीवरचा हा उपाय होता. हप्ता दरमहा भरणाऱ्या कर्जदाराला तो लागूच पडत नाही. बँकांच्या बाबतीत तर १९८४ पासून बँकिंग नियमन कायद्यात कलम २१-अ आहे. दर भारी आहे एवढ्याच कारणावरून न्यायालयाने बँकेचा व्यवहार पुन्हा उघडू नये, असं ते सांगतं. हे कलम न्याय्य आहे की नाही हा वाद जरूर घालावा, पण त्यासाठी मनूला साक्षीला उभं करू नये.

दुपटीची भीती मात्र हवेतून आलेली नाही. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांचे रोखे जाळले. आपला चांदा, म्हणजे आताचा चंद्रपूर, जिल्हा तेव्हा मध्यप्रांतात होता आणि त्या प्रांतालाही १९३३ मध्ये कर्ज-तडजोडीचा कायदा करावा लागला. ‘डबल’ या शब्दाला ज्या घरांत शेत गेल्याची आठवण चिकटलेली आहे, त्यांना हसण्याचं कारण नाही. प्रश्न एवढाच की सावकाराविरुद्ध घडवलेलं माप घटत्या बाकीच्या कर्जाला लावायचं का.

आता ‘पयले व्याज, मंग मुद्दल’. बँक व्याज आधी घेते असं दिसतं, कारण सुरुवातीला बाकी मोठी असते. हप्त्याच्या प्रत्येक महिन्यात होतं ते एकच: उरलेल्या बाकीवर त्या एका महिन्याचं व्याज काढायचं, ते हप्त्यातून वजा करायचं, उरेल ते मुद्दलीत जमा करायचं. पुढच्या महिन्याचं व्याज बँक आज घेत नाही, पंधराव्या वर्षाचं तर नाहीच. झाडीपट्टीत कोणी पाच एकर धानाची बांधी ठेक्याने घेतली आणि दरवर्षी थोडी थोडी जमीन मालकाला परत करत गेला, तर पहिल्या वर्षी ठेका जास्त आणि शेवटच्या वर्षी नाममात्र पडेल. त्याला कोणी ‘मालकाने आधीच ठेका काढून घेतला’ म्हणणार नाही. बाराव्या वर्षाच्या सुमारास हप्त्यातला मुद्दलीचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो आणि शेवटच्या हप्त्यात व्याज उरतं दीडशे रुपयांच्या आसपास. यात कावा नाही. हप्ता शेवटपर्यंत सारखा ठेवायचा म्हटलं की गणित असंच पडतं.

तरी हा समज इतका घट्ट का? मला वाटतं, याचं एक मूळ सरकारी नोकरीत आहे. घरबांधणी अग्रिम म्हणून सरकार कर्मचाऱ्याला जे देतं, त्याची वसुली उलट्या क्रमाने होते. केंद्राच्या नियमांत मुद्दल आधी, जास्तीत जास्त १८० हप्त्यांत, आणि साचलेलं व्याज नंतर, ६० हप्त्यांत. आयुध निर्माणीत वाढलेल्या पिढीने वडिलांच्या पगारपत्रकात हेच पाहिलं. मुद्दल फिटली की अर्धा जीव भांड्यात पडायचा. बँकेचं पत्रक त्याच्या शेजारी ठेवलं की ते लबाडीचं वाटणारच. पण अग्रिमातही व्याजाची आकारणी पहिल्या महिन्यापासूनच सुरू असते, फक्त मागणी उशिरा येते. खरा फरक असा की तिथे साचलेल्या व्याजावर पुन्हा व्याज लागत नाही. ती सरकारची सवलत आहे आणि ज्याला मिळते त्याने ती सोडू नये. दुसरं मूळ जुन्या गृहकर्ज कंपन्यांचं. त्यांच्यापैकी अनेक जणी पूर्वी वार्षिक शिलकीवर व्याज काढत. म्हणजे एप्रिलमध्ये भरलेली मुद्दल पुढच्या मार्चपर्यंत बाकीतून वजाच होत नसे. तेव्हाची ओरड रास्त होती. आता हिशेब मासिक किंवा दैनिक बाकीवर होतो, पण ओरड तशीच राहिली.

तिसऱ्या वाक्याने मात्र लोकांचं रोख नुकसान होतं. ‘पंधरा वर्षं झाली, व्याज देऊन झालं, आता पैसे आले तरी कशाला भरायचे?’ असा सवाल भविष्यनिर्वाह निधीतून किंवा बापाच्या जमिनीच्या मोबदल्यातून रक्कम हाती आलेला माणूस करतो. मघाच्याच कर्जात पहिलं वर्ष संपल्यावर एक लाख रुपये जास्तीचे भरले, तर शेवटचे २१ हून अधिक हप्ते गळतात आणि सुमारे ३.६५ लाखांचं व्याज वाचतं. तेच एक लाख पंधरावं वर्ष संपल्यावर भरले तर जवळजवळ सात हप्ते गळतात आणि वाचतात पन्नास हजारांच्या आसपास. पाहणारा म्हणतो, बघा, आधी भरले असते तर! पण पहिल्या लाखाला ते व्याज वाचवायला एकोणीस वर्षं मिळाली, दुसऱ्याला पाच. दोन्ही लाखांची कमाई साडेआठ टक्क्यांनीच झाली, दिवस तेवढे कमी-जास्त. ज्या दिवशी हातात पैसा आला त्या दिवशी तो सात टक्क्यांच्या मुदत ठेवीत ठेवून व्याजावर प्राप्तिकर भरायचा की साडेआठ टक्क्यांची बाकी कमी करायची, एवढाच प्रश्न असतो. आतापर्यंत किती व्याज दिलं याचा त्या निवाड्याशी काडीचा संबंध नाही. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड लावायला बँकांना २०१२ पासून बंदी आहे, तेव्हा तेही निमित्त उरत नाही.

कराच्या सवलतीसाठी कर्ज चालू ठेवणाऱ्यांबद्दल फार बोलायला नको. शंभर रुपये व्याज देऊन तीस रुपये कर वाचवायचा आणि सत्तर रुपये घालवल्याचा आनंद मानायचा, हे मला कधी उमगलं नाही. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही, त्यामुळे हा आनंदही बऱ्याच जणांच्या नशिबी नाही.

आता मूळ आक्षेपाकडे, म्हणजे बेरजेकडे. ५२ लाख हा आकडा आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच पारड्यात टाकून येतो. रिझर्व्ह बँकेला महागाईचं ४ टक्क्यांचं लक्ष्य नेमून दिलेलं आहे. तेवढीच महागाई राहिली असं धरलं, तर शेवटचा २१,६९६ रुपयांचा हप्ता आजच्या मानाने ९,७६० रुपयांचा असेल आणि सगळ्या हप्त्यांची आजच्या रुपयांतली बेरीज होईल ३५.८० लाख. म्हणजे २५ लाखांवर १०.८० लाख. ही रक्कमही लहान नाही, पण दुप्पटही नाही. इथे एक अट आहे आणि ती मध्यमवर्गीय लेखक सहसा विसरतात. हा दिलासा ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्यालाच. कोळसा खाणीत वेतन करारावर असलेला कामगार आणि घुग्घुस-राजुऱ्याच्या सिमेंट कारखान्यांतला कंत्राटी कामगार एकाच दराने कर्ज घेऊ शकतील कदाचित, पण दहा वर्षांनी एकाला हप्ता हलका वाटेल आणि दुसऱ्याला तितकाच जड. महागाई कर्ज वितळवते असं सरसकट सांगणारे सल्लागार या दुसऱ्या माणसाला ओळखत नसावेत.

बेरजेचं माप किती फसवं आहे ते गडचिरोलीत अधिक लख्ख दिसतं. धानोरा किंवा एटापल्लीकडच्या एखाद्या कुटुंबाला घरकुल मंजूर झालं, प्रधानमंत्री आवास योजनेचे अशा भागासाठीचे १.३० लाख मिळाले आणि घर पुरं करायला आणखी दोन लाख हवेत असं समजा. जमीन वनहक्काच्या पट्ट्याची आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या कलम ४(४) प्रमाणे हा हक्क वारसाने जातो, नवरा-बायको दोघांच्या नावे असतो, पण विकता येत नाही की दुसऱ्याच्या नावे करता येत नाही. त्यामुळे त्यावर गहाण चढत नाही. सातबारा स्वतःच्या नावाचा असला तरी आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे जाण्यावर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ३६ आणि ३६-अ चे निर्बंध आहेत. शेतजमिनीला २००२ चा सरफेसी कायदा लागू नाही. बँकेला कर्ज देण्याची मनाई नसेलही, पण बुडालं तर लिलावात बोली लावणार कोण, हे पाहून शाखाधिकारी फाईल बाजूला सारतो. हे निर्बंध काढावेत असं माझं म्हणणं मुळीच नाही, त्यांनीच जमिनी वाचवल्या. पण त्यामुळे हे कुटुंब वळतं विनातारण कर्जाकडे.

ते कर्ज मिळतं ‘बारा टक्के फ्लॅट’ने, तीन वर्षांसाठी. दोन लाखांवर दरसाल २४ हजार, तीन वर्षांचं व्याज ७२ हजार, हप्ता ७,५५६ रुपये. एकूण फेड २.७२ लाख, म्हणजे मुद्दलीच्या १.३६ पट. ‘डबल’च्या काट्यावर हे कर्ज गृहकर्जापेक्षा कितीतरी स्वस्त! प्रत्यक्षात फ्लॅट दराने व्याज शेवटपर्यंत पूर्ण दोन लाखांवर लागतं, मुद्दल घटत गेली तरी. घटत्या बाकीवर मांडलं तर हा दर २१ टक्क्यांच्या वर जातो. हेच दोन लाख साडेआठ टक्क्यांनी तीन वर्षांसाठी मिळाले असते तर व्याज २७ हजार पडलं असतं. एकाला २.०८ पट भरून स्वस्त पैसा मिळाला आणि दुसऱ्याने १.३६ पट भरून अडीचपट महाग पैसा घेतला. ‘डबल घेते’ म्हणणारा पहिल्याची कीव करतो आणि दुसऱ्याला म्हणतो, तुझं बरं, तीन वर्षांत मोकळा. एकच आकडा सांगून फसवणाऱ्यांसाठी आपण आपल्या हाताने ही वाट करून दिली आहे.

मग गृहकर्ज स्वस्त आहे का? मी तसं म्हटलेलं नाही. ‘भाडं वाया जातं, त्यापेक्षा हप्ता भरा’ हे बिल्डरच्या फलकावरचं वाक्य मला तितकंच खोटं वाटतं. पहिल्या महिन्याचं १७,७०८ रुपये व्याजही पैशाचं भाडंच आहे. तसंच घर चंद्रपुरात त्याच्या निम्म्या भाड्याने मिळत असेल, तर वाया काय जातं ते ज्याने त्याने पाहावं. आपल्याकडे एक खास प्रकार आहे: राहायला वीज केंद्राचं किंवा कंपनीचं क्वार्टर, आणि हप्ता मात्र नागपुरात घेऊन कुलूप लावलेल्या फ्लॅटचा. त्या घराची किंमत वाढेलच, या भरवशावर हे चालतं. किंमत वाढतेच असा काही नियम नाही आणि आमच्या जिल्ह्यात तर घर जागेवर राहील हेही गृहीत धरता येत नाही. २०२२ च्या ऑगस्टमध्ये घुग्घुसच्या अमराई वॉर्डात जुन्या भूमिगत खाणीवरची जमीन खचली आणि एक अख्खं घर साठ-सत्तर फूट खोल गेलं. आसपासची कुटुंबं हलवावी लागली. अशा जागेवरचं घर गहाण असतं तर तारण खड्ड्यात गेलं असतं, हप्ता नाही. विम्याचा हप्ता, जागेखाली काय आहे, इरई नदीचा पूर कुठवर येतो, या गोष्टी कर्जाच्या किमतीत धरल्या पाहिजेत. त्या धरणारा माणूस मला अजून भेटायचा आहे.

पण सर्वांत मोठी किंमत लपलेली असते ती मुदतीत. मघाचंच २५ लाखांचं कर्ज ३० वर्षांसाठी घेतलं तर हप्ता होतो १९,२२३. दरमहा २,४७३ रुपयांचा दिलासा आणि त्यासाठी एकूण व्याज १७ लाखांनी जास्त. हे निदान कर्ज घेताना कागदावर दिसतं. २०२२-२३ मध्ये जे झालं ते कोणाला दिसलंच नाही. मे २०२२ मध्ये ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५० झाला. ऑक्टोबर २०१९ नंतरच्या बँकांच्या बदलत्या दराच्या गृहकर्जांचा दर बाहेरच्या मानकाला, बहुतेक ठिकाणी रेपोलाच, बांधलेला, म्हणून तो जवळजवळ तेवढाच चढला. २०२१ मध्ये काही बँका ६.७० टक्क्यांनी कर्ज देत होत्या. त्या दराने २० वर्षांसाठी २५ लाख घेतलेल्याचा हप्ता १८,९३५. दोन वर्षांनी बाकी २३.७३ लाख. दर ९.२० झाला, हप्ता तोच ठेवला. आता महिन्याचं व्याजच १८,१९० आणि मुद्दलीत जातात ७४५ रुपये. उरलेली १८ वर्षांची मुदत होते ३५ वर्षांहून जास्त. चाळिशीत कर्ज घेतलेला माणूस सत्तरी ओलांडून हप्ते भरणार, असा त्याचा अर्थ. बँका निवृत्तीच्या वयाकडे पाहून कुठेतरी थांबतात आणि मग हप्ता वाढवतात, हे खरं, पण तोवर वर्षं गेलेली असतात. तेव्हाच हप्ता २२,५१५ करून घेतला असता तर १८ वर्षांत कर्ज फिटलं असतं. एकूण फेडीतला फरक सुमारे साडेएकतीस लाखांचा. म्हणजे ‘डबल’वरून भांडणाऱ्याच्या मूळ मुद्दलीपेक्षाही मोठा. आणि तो कोणी लुबाडून नेला नाही. ‘हप्ता तोच राहील, काळजी नको’ असा निरोप आला आणि कर्जदाराने सुटकेचा श्वास सोडला, एवढंच झालं.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने यावर बोट ठेवलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्यायचं. स्थिर दराकडे जायचा पर्यायही द्यायचा, ही सक्ती मात्र २०२५ पर्यंतच होती. मुदत वाढवताना हप्ता महिन्याच्या व्याजालाच पुरत नाही आणि बाकी फुगते, अशी वेळ येऊ द्यायची नाही. आणि दर तिमाहीला पत्रक: आतापर्यंत वसूल झालेली मुद्दल, व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते, वार्षिक दर. या पत्रकातला वसूल झालेल्या व्याजाचा रकाना सगळे वाचतात आणि हळहळतात. उरलेल्या हप्त्यांचा आकडा गेल्या तिमाहीपेक्षा वाढला की घटला, हे पाहणारे विरळा. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या पाच महिन्यांत रेपो ६.५० वरून ५.५० वर आला, तेव्हा फुगलेली मुदत परत आटण्याची संधी होती. हप्ता तसाच ठेवला तर ती आपोआप आटते. आमच्याकडे बँकेत रांग लागली ती हप्ता कमी करून घेणाऱ्यांची.